मुंग्या खाल्ल्या म्हणून कुणी अँटईटर होत नाही : फोटो बघून ओळखायचं कसं आणि कुठल्या खान्यात टाकायचं

मागच्या महिन्यात आमच्या फॅमिली ग्रुपवर एक व्हिडिओ फिरत फिरत आला. रात्रीची वेळ, गाडीच्या हेडलाइटचा उजेड आणि डांबरी रस्ता ओलांडत जाणारं एक खवल्याखवल्यांचं जनावर, खाली लिहिलेलं "कोकणात दिसला दुर्मिळ अँटईटर". मी आपलं सहज लिहिलं की हा अँटईटर नाही, खवले मांजर आहे, तर एका काकांनी दोन मिनिटांत डिक्शनरीचा स्क्रीनशॉट टाकला, पँगोलिन म्हणजे स्केली अँटईटर, घ्या. त्यावर चार जणांचे अंगठे पडले आणि विषय संपला, म्हणजे त्यांच्यापुरता संपला. माझी भाची सातवीत आहे, तिला नेमका सस्तन प्राण्यांचा चार्ट करायचा होता आणि तो व्हिडिओ बघून तिने अँटईटरच्या चौकटीत खवले मांजराचं चित्र चिकटवलं सुद्धा, डिंकपण वाळला होता. मग बसलो दोघं जमिनीवर पसरून. त्या संध्याकाळी तिला जे सांगितलं तेच इथे लिहितोय, कुणाला चार्ट करायचा असेल, कुणाला झू मध्ये पोरांच्या प्रश्नांना उत्तरं द्यायची असतील किंवा नुसतं काकांना गप्प करायचं असेल तर कामाला येईल.

आधी नाव विसरा

सगळी गोची नावात आहे. अँटईटर, मराठीत मुंगीखाऊ, हे नाव खाण्यावरून पडलंय, घराण्यावरून नाही. उद्या कुणी "मासेखाऊ" असा एक खाना केला तर त्यात खंड्या, पाणमांजर, मगर आणि अर्धं मालवण एकत्र बसेल, त्यातलाच हा प्रकार. प्राणी कुठल्या घराण्यातला हे त्याच्या ताटावरून ठरत नाही, त्याची हाडं, दात, पिल्लू कसं जन्मतं आणि आजकाल डीएनए, यावरून ठरतं.

पण काकांना फार हसू नका, भले भले शास्त्रज्ञ इथेच घसरलेत. प्राण्यांना शास्त्रीय नावं द्यायची पद्धत बसवणाऱ्या लिनियसने १७५८ साली दक्षिण अमेरिकेतल्या खऱ्या मुंगीखाऊला मिर्मेकोफॅगा नाव दिलं, ग्रीकमध्ये अर्थ सरळ "मुंग्या खाणारा". झालं, मग जो दिसेल तो लांब तोंडाचा प्राणी त्याच खान्यात. १७६६ मध्ये पालास नावाच्या जर्मन शास्त्रज्ञाने आफ्रिकेतल्या आर्डवार्कला मिर्मेकोफॅगा केलं. १७९२ मध्ये जॉर्ज शॉ नावाच्या इंग्रज प्राणिशास्त्रज्ञाने ऑस्ट्रेलियातल्या एकिडनाला मिर्मेकोफॅगा केलं, आणि एकिडना तर अंडी घालतो हो! या शॉसाहेबांची त्याच्या आदल्या वर्षीची कामगिरी याहून भारी. आपलं अस्वल, मेळघाट नि ताडोबात वारुळं फोडून वाळवी खाणारं, त्याची लांब नखं आणि वरच्या मधल्या दोन दातांची फट बघून त्याने त्याला चक्क स्लॉथच्या प्रजातीत टाकलं. स्लॉथ म्हणजे तो झाडाला उलटा लटकणारा दक्षिण अमेरिकेतला आळशी प्राणी. ती चूक पुढे सुधारली पण इंग्रजीत आपल्या अस्वलाला अजून स्लॉथ बेअर म्हणतात ते तिथून. गंमत म्हणजे स्लॉथ हा खऱ्या मुंगीखाऊचा सख्खा नातेवाईक, म्हणजे काही काळ कागदोपत्री आपलं अस्वल मुंगीखाऊचं चुलत भावंड होतं.

तर फोटो समोर आला की कॅप्शनवर आधी हाताने झाका, आणि मग खालच्या क्रमाने बघा.

फोटो कुठला आहे ते विचारा

हे सगळ्यात सोपं आणि सगळ्यात खात्रीचं. खरे मुंगीखाऊ फक्त मध्य आणि दक्षिण अमेरिकेत सापडतात, दक्षिण मेक्सिकोपासून खाली उत्तर अर्जेंटिनापर्यंत. भारतात नाही, आफ्रिकेत नाही, ऑस्ट्रेलियात नाही. त्यामुळे कोकण, विदर्भ, गोवा, केनिया, श्रीलंका असं काही कॅप्शनमध्ये असेल तर तिथेच उत्तर मिळालं, झू चा फोटो असेल तर गोष्ट वेगळी.

याचं कारण पण सांगतो कारण भाचीने लगेच विचारलंच, की मामा इकडे का नाहीत. दक्षिण अमेरिका कित्येक कोटी वर्षं सुटं बेट होतं, चहूबाजूंनी समुद्र. त्या बंद वाड्यात एक वेगळंच घराणं वाढलं, मुंगीखाऊ, स्लॉथ आणि अंगावर चिलखत असलेला आर्माडिलो. साधारण ३० लाख वर्षांपूर्वी पनामाची चिंचोळी पट्टी जोडली गेली तेव्हा या मंडळींना उत्तरेकडे जायला वाट मिळाली, पण अटलांटिक ओलांडून इकडे कोण येणार. मध्ये एकदा जर्मनीतल्या मेसेलच्या खाणीत साधारण ४.७ कोटी वर्षांपूर्वीचा एक जीवाश्म मिळाला, त्याला युरोटमांडुआ नाव देऊन १९८१ मध्ये जाहीर झालं की बघा युरोपातपण मुंगीखाऊ होता. नंतर नीट तपासल्यावर मत फिरलं, तो मुंगीखाऊ नव्हताच. म्हणजे कोट्यवधी वर्षं जुन्या हाडांनीपण तोच चकवा दिला जो आमच्या ग्रुपवर त्या व्हिडिओने दिला.

अंगावर काय आहे

ठिकाण माहीत नसेल तर कातडी बघा.

केस असतील, दाट किंवा राठ, आणि तोंड नळीसारखं, तर मुंगीखाऊ असू शकतो. खवले असतील, एकावर एक कौलांसारखे बसवलेले, तर ते खवले मांजर, दुसरं काही असूच शकत नाही, कारण अंगभर असे खरे खवले असणारा सस्तन प्राणी दुसरा कुठलाच नाही. ते खवले म्हणजे आपल्या नखांचंच मटेरियल, केराटिन. (म्हणून त्याचं औषध करून खाणाऱ्यांना मी सांगतो की स्वतःची नखं खा, फुकट आहेत.) काटे असतील आणि चोच असल्यासारखं तोंड, तर एकिडना, ऑस्ट्रेलिया किंवा न्यू गिनीचा. जवळजवळ उघडं अंग, तुरळक केस, गाढवाचे कान आणि डुकराचं तोंड असं कुणी जोडून दिल्यासारखं दिसत असेल तर आर्डवार्क, आफ्रिकेतला, नावाचा अर्थच "जमिनीतलं डुक्कर". आणि खारीएवढा, तांबूस, पाठीवर पांढरे आडवे पट्टे असलेला गोंडस प्राणी दिसला तर तो नंबॅट, ऑस्ट्रेलियाच्या नैर्ऋत्य कोपऱ्यातला.

अजून एक युक्ती, पिल्लू कुठे बसलंय ते बघा. मुंगीखाऊचं पिल्लू आईच्या पाठीवर असतं, मोठ्या मुंगीखाऊत तर पिल्लाचा काळा पट्टा आईच्या पट्ट्याला असा जुळतो की लांबून दोन प्राणी आहेत हे कळतच नाही. खवले मांजराचं पिल्लू शेपटीवर, शेपटीच्या मुळाशी चिकटून बसतं. आणि घाबरल्यावर काय करतो तेपण बघा, खवले मांजर चेंडूसारखं गुंडाळी करून पडून राहतं, मुंगीखाऊ मागच्या पायांवर उभा राहून हात फैलावतो. ते मिठीसारखं दिसतं म्हणून लोक त्याचे गोड गोड मीम बनवतात, पण त्या हातांना १० सेंटिमीटरपर्यंतची नखं असतात, ब्राझीलमध्ये मोठ्या मुंगीखाऊच्या नखांनी शिकारी मेल्याच्या नोंदी आहेत. त्यामुळे ती मिठी लांबूनच बरी.

तोंडात डोकवा (म्हणजे पुस्तकात)

मुंगीखाऊला दात नसतात. एकही नाही. खवले मांजरालाही नाहीत, एकिडनालाही नाहीत, इथेच जुन्या लोकांचा घोळ झाला. अठराव्या शतकाच्या शेवटी "एडेंटाटा" म्हणजे बिनदातांचे असा एक गण काढला गेला आणि त्यात मुंगीखाऊ, स्लॉथ, आर्माडिलो, खवले मांजर, आर्डवार्क सगळे कोंबले. विनोद असा की त्यात खरे बिनदातांचे फक्त मुंगीखाऊ आणि खवले मांजर, स्लॉथला दात आहेत, आर्डवार्कला मागे खुंटासारखे दात आहेत ज्यांच्यात बारीक नळ्या असतात, आणि मोठ्या आर्माडिलोच्या तोंडात तर ८० च्यावर दात असू शकतात. बिनदातांच्या यादीत ८० दातवाला, आपल्याकडच्या मतदार याद्या आठवल्या मला.

दात नाहीत तर चावतो कसा, तर चावतच नाही. मोठ्या मुंगीखाऊची जीभ ६० सेंटिमीटरच्या आसपास, तिचं मूळ घशात नाही तर छातीच्या हाडापाशी, चिकट लाळ लावलेली, मिनिटाला दीडशे वेळा आतबाहेर होते. मुंग्या तशाच पोटात जातात आणि तिथे जठराचे जाड स्नायू त्या दळतात. एका वारुळापाशी तो जेमतेम मिनिटभर थांबतो, सैनिक मुंग्या चवताळून बाहेर आल्या की निघाला पुढच्या वारुळाकडे. दिवसाला तीस हजारांपर्यंत किडे खातो पण वारूळ उद्ध्वस्त करत नाही. एवढ्या हलक्या जेवणावर एवढं मोठं अंग चालवायचं म्हणून तो अंगाचं इंजिनच मंद ठेवतो, शरीराचं तापमान साधारण ३३ अंश, सस्तन प्राण्यांत खूपच कमी, आणि दिवसातले पंधराएक तास झोप. झोपतो तेव्हा ती झुपकेदार शेपटी अंगावर घोंगडीसारखी ओढून घेतो.

आता खान्यात टाका

इथे चार्टवाल्यांनी पेन्सिल घ्या. वरून खाली येऊ.

सस्तन प्राण्यांचे आधी तीन मोठे भाग पाडा. अंडी घालणारे, त्यात प्लॅटिपस आणि एकिडना. पिशवीवाले, कांगारूकडचे, त्यात आपला नंबॅट, त्याची जवळची मंडळी म्हणजे टास्मानियन डेव्हिल. (नंबॅटला धड पिशवी नसते, पण घराणं तेच.) आणि तिसरे वार असलेले, म्हणजे गर्भ आईच्या पोटात वारेतून वाढतो, आपण, गाय, वटवाघूळ, उंदीर, सगळे. म्हणजे एकिडना आणि नंबॅट हे दोघं मुंगीवाले इथेच बाहेर पडले.

वार असलेल्यांचे आता डीएनएवरून चार मोठे गट मानतात आणि खरी मजा इथे आहे. पहिला आफ्रोथेरिया, हत्ती, समुद्रगाय वगैरे, आर्डवार्क इथे जातो, म्हणजे तो मुंगीखाऊपेक्षा हत्तीला जवळचा. दुसरा लॉरेशियाथेरिया, त्यात गाय, घोडा, वटवाघूळ, देवमासा, कुत्रा, मांजर आणि खवले मांजर. तिसऱ्यात माकडं, उंदीर, ससे आणि आपण. चौथा झेनार्थ्रा, आणि आपला मुंगीखाऊ इथे.

झेनार्थ्रा म्हणजे "विचित्र सांधे". या घराण्याच्या कमरेच्या मणक्यांना जादा सांधे असतात जे बाकी सस्तन प्राण्यांत नसतात, खणताना किंवा मागच्या पायांवर उभं राहताना पाठ घट्ट राहते. हीच खरी ओळखीची खूण, जीभ नाही नि नखं नाहीत. झेनार्थ्राचे पुढे दोन गण, एक सिंग्युलाटा म्हणजे चिलखतवाले आर्माडिलो, दुसरा पायलोसा म्हणजे केसाळ. पायलोसाचे परत दोन उपगण, एकात स्लॉथ, दुसऱ्यात मुंगीखाऊ. मुंगीखाऊंच्या उपगणाचं नाव व्हर्मिलिंग्वा, अर्थ "गांडुळासारखी जीभ". स्लॉथ आणि मुंगीखाऊ यांची वाट साडेपाच-सहा कोटी वर्षांपूर्वी वेगळी झाली असं धरतात, एक पानं खायला झाडावर गेला आणि दुसरा वारुळाकडे.

म्हणजे लांब जीभ, मोठी नखं, बारीक तोंड हे सगळं वेगवेगळ्या घराण्यांनी आपापलं स्वतंत्र तयार केलं, एकमेकांना न विचारता, कारण मुंग्या आणि वाळवी खायची असेल तर हत्यारं तीच लागतात. २०२५ साली आलेल्या एका अभ्यासात तर सस्तन प्राण्यांत मुंग्या-वाळवीवरच जगण्याची सवय किमान १२ वेळा नव्याने निर्माण झाली असा हिशोब मांडलाय. देशोदेशीच्या सुतारांकडे करवत असते म्हणून ते भाऊ होत नाहीत.

आणि हो, खवले मांजराचा गण वेगळा, फोलिडोटा, आणि त्याचे सगळ्यात जवळचे जिवंत नातेवाईक म्हणजे मांसाहारी गण, वाघ, कुत्रा, अस्वल, मांजर. परत वाचा. इंग्रजीतलं स्केली अँटईटर नाव साफ चुकलेलं आणि आपल्या गावाकडच्या आजीने काही न शिकता ठेवलेलं खवले मांजर नाव मांजराच्या जास्त जवळ. मांजर नाहीच ते, पण दोन नावांतून एक निवडायचं असेल तर आजी जिंकली. हे मी ग्रुपवर टाकलं, काकांनी अजून उत्तर दिलेलं नाही.

मुंगीखाऊ ठरला, आता कुठला

व्हर्मिलिंग्वात कुलं, म्हणजे उपगणाच्या आतले गट, दोनच. शाळेच्या चार्टला चार जाती पुरतात.

जमिनीवर चालणारा, नाकापासून शेपटीपर्यंत सहा-सात फूट, ३० ते ५० किलो, खांद्यावरून तिरका काळा पट्टा, शेपटी म्हणजे उलटा धरलेला खराटा, तो मोठा मुंगीखाऊ, मिर्मेकोफॅगा ट्रायडॅक्टिला. पोर्तुगीज बोलणारे ब्राझीलचे लोक त्याला झेंडेवाला तमांडुआ म्हणतात त्या शेपटीमुळे. नखं झिजू नयेत म्हणून बोटं आत दुमडून मुठीवर चालतो. त्याच्या पुढच्या पायावरची काळी-पांढरी नक्षी जरा तिरकी बघा, पांडाचं तोंड दिसतं, एकदा दिसलं की मग तेच दिसतं. नावातल्या ट्रायडॅक्टिलाचा अर्थ तीन बोटांचा, पण बोटं पाच असतात, लिनियसने कुठलं कातडं बघून मोजली देव जाणे. हा आययूसीएन या आंतरराष्ट्रीय निसर्गसंवर्धन संस्थेच्या यादीत असुरक्षित म्हणून नोंदलेला आहे, ब्राझीलच्या सेराडो माळरानातले वणवे, शेती आणि हायवेवरच्या गाड्या, केसाळ असल्यामुळे आगीत फार लवकर सापडतो बिचारा.

कुत्र्याएवढा, झाडावर आणि जमिनीवर दोन्हीकडे, शेपटीचं टोक उघडं आणि फांदीला विळखा घालणारं, तो तमांडुआ. हे नाव ब्राझीलच्या तुपी भाषेतलं. उत्तरेकडच्या तमांडुआ मेक्सिकानाच्या अंगात नेहमी काळं बिनबाह्यांचं जॅकेट घातल्यासारखं दिसतं, दक्षिणेकडच्या तमांडुआ टेट्राडॅक्टिलात काहींना जॅकेट असतं, काही सगळे पिवळट, काही सगळे काळे, त्यामुळे रंगावर पैज लावू नका, देश विचारा. वास भयंकर मारतो असं सांभाळणारे सांगतात. तमांडुआ आणि मोठा मुंगीखाऊ एकाच कुलात येतात.

आणि चौथा म्हणजे मुठीत मावेल असा, ४०० ग्रॅमच्या आत, सोनेरी रेशमी केसांचा, रात्री झाडावर फिरणारा सायक्लोपीस. पुढच्या पायांना दोन मोठी नखं. हा वेगळ्या कुलातला, बाकीच्यांपासून साधारण चार कोटी वर्षांपूर्वी फुटलेला. पांढऱ्या सावरीच्या झाडावर बसला की बोंडातून निघालेल्या कापसासारखा दिसतो म्हणतात. एकच जात समजायचे, पण २०१८ मध्ये ब्राझीलच्या फ्लाविया मिरांडा आणि सहकाऱ्यांनी डीएनए आणि कवट्या तपासून सांगितलं की या सात जाती आहेत. म्हणून कुठे मुंगीखाऊंच्या चार जाती वाचाल, कुठे दहा, दोन्ही बघून गोंधळू नका, कुणी सायक्लोपीस एक मोजतो, कुणी सात.

आणि कोकणात खरंच दिसला तर

म्हणजे खवले मांजर दिसलं तर. जगात मान्य आठ जाती, चार आशियात आणि चार आफ्रिकेत, महाराष्ट्रात दिसतं ते भारतीय खवले मांजर, मॅनिस क्रासिकॉडाटा. १९७२ च्या वन्यजीव संरक्षण कायद्याच्या पहिल्या अनुसूचीत आहे, पकडणं, ठेवणं, विकणं सगळा गुन्हा. २०१६ मध्ये जोहान्सबर्गच्या परिषदेत आठही जातींच्या आंतरराष्ट्रीय व्यापारावर बंदी ठरली तरी तस्करी चालू आहेच. चिपळूणकडे सह्याद्री निसर्ग मित्र संस्थेने यावर बरंच काम केलंय, डुगवे गावात तर लोकांनी खवलोत्सव केला, पालखीत खवले मांजराची प्रतिकृती घेऊन नाचवली.

दिसलं तर गाडीचा हेडलाइट तोंडावर मारू नका, गुंडाळी सोडवायला काठीने ढोसू नका, पाच-दहा मिनिटं लांब थांबा, आपोआप उलगडून जातं. जखमी असेल किंवा विहिरीत पडलं असेल तर वनविभागाचा हेल्पलाइन नंबर १९२६ लावा. आणि व्हिडिओ काढलाच तर गावाचं नाव, लोकेशन टाकून ग्रुपवर पाठवू नका, तो फॉरवर्ड होत होत कुणाच्या फोनमध्ये जाईल सांगता येत नाही.

भाचीचं चित्र शेवटी कोमट पाण्याने भिजवून सोडवलं, थोडं फाटलं. ते मांसाहारी गणाच्या शेजारच्या चौकटीत चिकटवलं आणि अँटईटरच्या चौकटीत तिने मोठा मुंगीखाऊ स्वतः काढला, पुढच्या पायावर पांडा काढायला विसरली नाही.